सत्कार पुरे, मोबदला द्या

दादासाहेब फाळके यांच्या नावाचा पुरस्कार १९६९ साली सुरू झाला आणि आम्ही धन्य झालो! पण विम्याची पॉलिसी तारण ठेवून १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणणाऱ्या या पुरुषाला हयातीत आम्ही काय दिले? पत्नी सरस्वतीबाई सर्व मंडळींचा स्वयंपाक सांभाळून फिल्म धुण्याच्या कामालाही हात लावीत. १९१८ साली भागीदारांचे भांडवल घेऊन हिंदुस्थान फिल्म्स कंपनी निघाली. भांडवलाबरोबर मतभेदही आले. १९४४ साली नाशकात दादासाहेब वारले, ते जवळजवळ विस्मृतीतच.

आज स्वतःच्या जबाबदारीवर चित्रपट काढणाऱ्या निर्मात्याशी आमची देवस्थाने कशी वागतात? जत्रेत त्याचा चित्रपट फुकट हवा. बदल्यात शाल आणि श्रीफळ! देवाच्या कार्यात पैसा कसला, असे वर विचारतात. मग पुरोहितास दक्षिणा, वाजंत्र्यांस बिदागी आणि मांडववाल्यास भाडे का देता?

१९५७ चा स्वामित्वहक्क कायदा निर्मात्यासच चित्रपटाचा कर्ता मानतो; हा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षे टिकतो. धार्मिक विधीतील गायनवादनास कायद्याने सवलत दिली आहे. त्या सवलतीत चित्रपटाचे नाव नाही. तेव्हा फुकट खेळ मागणे हा भक्तीचा अधिकार नव्हे. देवस्थानांच्या समित्यांनी उत्सवाच्या अंदाजपत्रकात चित्रपटाच्या मोबदल्याची रक्कम आधी लिहावी, निर्मात्याची लेखी परवानगी घ्यावी आणि मगच निमंत्रणपत्रिका छापाव्यात. दादासाहेबांचे ऋण मानणाऱ्यांकडून आमची एवढीच मागणी आहे.