होडीला नंबर हवाच!



बऱ्याच दिवसांत इथे काही लिहिलं नव्हतं. गेल्या दिवाळीत गावी जे झालं त्यावरून नात्यातल्या चार जणांचे फोन येऊन गेले. सगळ्यांचा सूर एकच, "नाना, तुम्ही उगाच सणाचा विरस केलात." मला फोनवर नीट ऐकू येत नाही, त्यामुळे माझी बाजू राहूनच गेली. ती आज इथे मांडतो. बाकीच्या वाचकांसाठी आधी प्रसंग सांगतो.

खाडीकाठच्या आमच्या जुन्या घरात माझ्या पुतण्याने पाहुण्यांसाठी दोन खोल्या काढल्या आहेत. धंदा बरा चालतो, मला त्याचं कौतुकच आहे. यंदा त्याने मासेमारीची एक जुनी होडी घेतली. तिला आकाशी रंग दिला, वर कापडी छत बांधलं, आत प्लॅस्टिकच्या खुर्च्या मांडल्या. मागे इंजिन होतंच. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी सगळ्यांनी फिरायला जायचं ठरलं. पोरं नटूनथटून धक्क्यावर उभी. मी सहज विचारलं, "होडीचा नंबर कुठाय रे?"

तो हसून म्हणाला, "नाना, जुना नंबर रंगाखाली गेला. आणि आता ती मासेमारीची राहिली कुठे? मौजेची होडी, तिला कसला नंबर?"

लाइफ जॅकेटं विचारली तर पाच निघाली. माणसं चौदा. मी चढलो नाही आणि माझ्या दोन्ही नातवंडांनाही चढू दिलं नाही. झालं! तेव्हापासून पुतण्या माझ्याशी बोलत नाही.

आता एकेक मुद्दा घेतो.

"मौजेची होडी आहे." पाण्याला हे कोण सांगणार? २६ नोव्हेंबर २००८ ला दहशतवादी समुद्रमार्गे मुंबईत उतरले. त्यानंतर किनाऱ्यावरच्या मच्छीमारांच्या होड्यांचे नंबर, माणसांची ओळखपत्रं, सगळ्याची तपासणी कडक झाली. पहाटे पोटासाठी दर्यावर जाणाऱ्या माणसाने नंबर रंगवायचा, कागद बाळगायचे, आणि हौसेसाठी फिरणाऱ्याला मात्र सूट, हा कुठला न्याय? शिवाय आमचे चिरंजीव पाहुण्यांकडून 'डिझेलपुरते' पैसे घेतात. पैसे घेतले की ते प्रवासी झाले. कायदाही मौजेचं कारण ऐकून घेत नाही. १९१७ चा जुना कायदा जाऊन २०२१ मध्ये अंतर्देशीय नौकांचा नवा कायदा झाला. इंजिनावर चालणाऱ्या नौकेला सर्व्हेचा दाखला, नोंदणी आणि विमा त्यात सांगितला आहे. एका राज्यातली नोंदणी आता देशभर चालते. वल्ह्यांच्या नि शिडांच्या होड्यांसाठीही त्यात तरतूद आहे.

"ऑफिसात खेटे कोण घालणार?" बाळा, तू एकदा तरी गेलास का? होडी रंगवायला चार दिवस काढलेस, खुर्च्या आणायला तालुक्याला दोनदा गेलास. मेरीटाइम बोर्डाच्या ऑफिसची पायरी मात्र न चढताच दमलास! मोटारसायकल घेतलीस तेव्हा बिननंबराची गावभर फिरवली असतीस का? नसतीस, कारण नाक्यावर पोलीस उभा असतो. खाडीत पोलीस नाही, एवढाच फरक आहे.

"नोंदणी केलेल्या होड्या बुडत नाहीत का?" हा प्रश्न मात्र खरा आहे, आणि तो टाळणार नाही. केरळात थेक्कडीला ३० सप्टेंबर २००९ रोजी पर्यटकांची बोट उलटून ४५ माणसं गेली. ती तर सरकारी महामंडळाची बोट होती. म्हणजे नुसत्या कागदाने कोणी तरत नाही, हे कबूल. पण नोंदणी म्हणजे नुसता कागद नव्हे. जाणकार माणूस येऊन होडी तपासतो, ती किती माणसं पेलते ते ठरवतो, आणि तो आकडा लिहून ठेवला जातो. तो आकडा लिहिलेला असेल तर तेविसावा माणूस चढताना कोणीतरी "थांबा" म्हणू शकतं. आकडाच नसेल तर कशाच्या आधारावर थांबवणार?

७ मे २०२३ ला केरळातच तानूर इथे पर्यटकांची बोट उलटली. २२ जण गेले, त्यांत बरीचशी मुलं. मासेमारीची बोट फेरफार करून पर्यटनाला लावली होती आणि माणसं क्षमतेपेक्षा जास्त भरली होती. हे वाचताना तुम्हाला आमच्या आकाशी होडीची आठवण झाली ना? मला धक्क्यावर उभं असताना तेच आठवलं.

आणि १८ जानेवारी २०२४. वडोदऱ्याचा हरणी तलाव. शाळेची सहल. १२ विद्यार्थी आणि २ शिक्षिका बुडाल्या. बोटीत जास्त मुलं बसवली होती आणि बहुतेकांच्या अंगावर लाइफ जॅकेट नव्हतं. त्या बातमीनंतर मला दोन रात्री झोप लागली नाही. कारण मी स्वतः कितीतरी सहली नेल्या आहेत. एका वर्षी जंजिऱ्याला गेलो होतो. राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होड्यांत साठ मुलं बसवली. मुलं मी तीनदा मोजली, पण होडीत किती बसवायची परवानगी आहे, हे एकदाही विचारलं नाही. सगळे सुखरूप परतलो ते नशिबाने. त्या वेळी न विचारलेला प्रश्न मी या दिवाळीत विचारला, एवढंच.

काही वर्षांपूर्वी मुलीकडे अमेरिकेत, मिनेसोटाला गेलो होतो. तिकडे जिथे तिथे तळी. शेजारच्या आजोबांची मासे धरायची लहानशी बोट होती. तिच्या पुढच्या भागावर दोन्ही बाजूंना ठसठशीत नंबर, अक्षरं किमान तीन इंच उंच असावी लागतात. दर तीन वर्षांनी नूतनीकरण. दहा फुटांहून लांब असेल तर वल्ह्यांच्या होडीचीही नोंदणी लागते. त्या आजोबांना त्यात काही कमीपणा वाटत नव्हता. नंबर त्यांनी स्वतःच्या हाताने चिकटवला होता.

सरकारलाही एक सांगणं आहे. आरटीओचा कॅम्प तालुक्याला येतो, तसा पर्यटनाचा हंगाम सुरू होण्याआधी खाडीखाडीला होड्यांच्या नोंदणीचा कॅम्प भरवा. अपघात झाल्यावर चार दिवस बंदी घालण्यापेक्षा ते सोपं आहे. आणि पर्यटकांनो, धक्क्यावर भाव विचारता, तसं आधी नंबर आणि जॅकेट विचारा. दोन्ही नसेल तर परत फिरा.

शेवटचं पुतण्यासाठी. तू हे वाचशील, नाहीतर वहिनी तुला वाचून दाखवतील. रागावू नकोस. अर्ज मी लिहून देतो, तुझ्याबरोबर ऑफिसात येतो, रांगेतही उभा राहतो. मला आता वेळच वेळ आहे. नंबर रंगवून झाला आणि माणशी एक जॅकेट आलं की कळव. पहिल्या फेरीला नातवंडांना घेऊन मीच सगळ्यांत पुढे बसेन.

असो. तुमच्या गावच्या होड्यांना नंबर आहेत का? पाहून जरूर कळवा.