इनामगावच्या पांढरीचे जतन व्हावे

प्रति,
मा. संचालक,
पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालय,
महाराष्ट्र शासन, मुंबई.

विषय : इनामगाव (ता. शिरूर, जि. पुणे) येथील ताम्रपाषाणयुगीन वसाहतीचे जतन करण्याबाबत.

महोदय,

घोड नदीकाठी इनामगावच्या पांढरीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडात, महाराष्ट्रातील आद्य शेतकऱ्यांचे एक गाव गाडलेले आहे. इ. स. पूर्व १६०० च्या सुमारास वसलेले हे गाव सुमारे ९०० वर्षे नांदले आणि मग उठले. डॉ. ह. धी. सांकळिया, डॉ. म. के. ढवळीकर आणि डॉ. झै. दा. अन्सारी यांच्या नेतृत्वाखाली डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात येथे उत्खनन केले आणि १३० हून अधिक घरे उजेडात आणली.

या गावच्या माणसांनी नदीचे पाणी वळवायला पाट काढला, त्याला बांध घातला. मुख्य पीक जवाचे होते. गावाच्या मध्यभागी पाच खोल्यांचे मोठे घर आणि त्याला लागून धान्याचे कोठार सापडले. दगावलेली लेकरे तोंडाला तोंड लावलेल्या दोन रांजणांत ठेवून घराच्या जमिनीखालीच पुरलेली होती. आईबापांनी त्यांना घराबाहेर जाऊ दिले नाही, असेच आम्हाला वाटते. पुढे इ. स. पूर्व १००० नंतर पाऊसमान घटत गेले, असा उत्खननकर्त्यांचा निष्कर्ष आहे. प्रशस्त चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या, शेतीपेक्षा शिकारीवर भिस्त वाढली आणि इ. स. पूर्व ७०० च्या सुमारास वस्ती संपली. अवर्षणाची झळ सोसणाऱ्या शिरूर तालुक्याला हा इतिहास परका नाही.

लेणी आणि किल्ले दगडाचे आहेत, म्हणून ते दिसतात आणि त्यांच्यासाठी माणसे पुढे येतात. इनामगावची घरे मातीची होती. नांगर किंवा जेसीबी एकदा फिरला किंवा मातीउपसा झाला, की ती मातीतच मिसळतील आणि पुन्हा कोणालाही वाचता येणार नाहीत. म्हणून आमची पहिली आणि सर्वांत निकडीची मागणी अशी, की संपूर्ण पांढरीची मोजणी करून हद्द कायम करावी, तेथे खोदकामास व माती उचलण्यास मनाई असावी आणि ज्यांची जमीन त्यात येईल त्या शेतकऱ्यांना विश्वासात घेऊन योग्य मोबदला द्यावा. मोबदल्याविना केलेले संरक्षण गावाला शिक्षाच वाटेल.

उत्खननात सापडलेला चार पायांचा मातीचा रांजण आणि त्यात बसवलेल्या पुरुषाचे दफन यांसारख्या मूळ वस्तू अभ्यासकांकडेच असाव्यात. त्यांच्या प्रतिकृती, घरांचे नकाशे आणि मराठी माहितीफलक मात्र इनामगावात हवेत, तसेच उत्खनन अहवालाचा सोपा मराठी सारांश तालुक्यातील प्रत्येक शाळेत पोहोचावा.

येत्या पावसाळ्यापूर्वी आपण अधिकारी पाठवून ग्रामस्थांसमवेत स्थळपाहणी करावी आणि या मागण्यांवरील निर्णय लेखी कळवावा, ही नम्र विनंती.

आपले नम्र,
शिरूर तालुक्यातील शिक्षक, शेतकरी व नागरिक