माकडांच्या नावावर बिल कशाला फाडता?

हल्ली नववी-दहावीची पोरं एकमेकांना 'अल्फा' म्हणतात. रीलमधून हा शब्द वर्गात आला. त्यांच्या लेखी अर्थ असा की कळपात एकच नर राजा, बाकीच्यांनी मान खाली घालायची, माद्या त्याच्या, आणि हा निसर्गाचाच नियम. पोरांचं एक वेळ समजू शकतं. पण स्टाफरूममध्ये, मोहल्ल्याच्या राजकारणात, लग्नाच्या बैठकीत शिकलीसवरलेली माणसंही हेच ऐकवतात: "शेवटी माकडाचीच जात आपली. बळी तो कान पिळी!"

माणूस माकडापासून झाला की नाही, हा वाद आज बाजूला ठेवू. माझा प्रश्न एवढाच आहे: माकडांच्या नावावर जे खपवलं जातं, ते माकडं तरी करतात का?

१९२५ साली लंडनच्या प्राणिसंग्रहालयात 'मंकी हिल' नावाची खडकाळ टेकडी बांधून तिच्यावर शंभराच्या आसपास हमाद्रियास बबून सोडले. जवळजवळ सगळे नर. १९२७ मध्ये त्यांच्यात ३० माद्या आणून टाकल्या. मग माद्यांवरून जी खेचाखेची झाली तीत बहुतेक माद्या मेल्या, नरही मेले. सॉली झुकरमन या शास्त्रज्ञाने हा प्रकार अभ्यासला. माकडांचा समाज लैंगिक ओढ आणि वर्चस्व यांवरच उभा असतो, असं चित्र त्याच्या १९३२ च्या पुस्तकातून जगापुढे गेलं आणि बरीच वर्षं टिकलं.

पुढे १९६० च्या दशकात हान्स कुमर या स्विस शास्त्रज्ञाने हेच बबून त्यांच्या मुलखात, इथिओपियात पाहिले. तिथे एका नराजवळ मोजक्या माद्या असतात. ओळखीचा दुसरा नर ताकदवान असला तरी सहसा त्या जोडीत शिरत नाही. रात्री मोठमोठे कळप एकाच कड्यावर शेजारी शेजारी झोपतात. ते काही फरिश्ते नव्हेत. मादी लांब गेली तर नर तिच्या मानेला चावा घेऊन तिला परत आणतो. पण लंडनसारखी कत्तल तिथे नव्हती. अनोळखी नर एका जागी कोंडायचे, माद्या कमी ठेवायच्या, पळायला वाट ठेवायची नाही, आणि मग जे घडेल त्याला 'स्वभाव' म्हणायचं! हा कुठला न्याय?

बरं, अल्फाचंच बघू. नेदरलँड्समधल्या आर्नेमच्या चिंपांझींवर फ्रान्स डी वाल यांनी १९८२ मध्ये पुस्तक लिहिलं. 'अल्फा' हा शब्द लोकांच्या तोंडी रुळला त्यात या पुस्तकाचा मोठा वाटा आहे. त्यातला लाउट हा नर प्रमुख झाल्यावर भांडणात हरणाऱ्याची बाजू घेऊ लागला. म्हातारा येरुन आणि तरुण निकी यांनी युती करून त्याला खाली खेचलं, आणि १९८० मध्ये रात्रीच्या हल्ल्यात त्याचा जीव गेला. म्हणजे नुसत्या ताकदीवर चिंपांझींतही गादी टिकत नाही. आणि भांडणानंतर हेच चिंपांझी एकमेकांना मिठी मारतात, मुका घेतात, हेही डी वाल यांनीच नोंदवलं. रीलमध्ये ते कुणी दाखवत नाही.

कुणी म्हणेल, मग गोम्बेचं काय? बरोबर आहे. टांझानियातल्या गोम्बेत १९७४ ते १९७८ या काळात चिंपांझींच्या एका टोळीने शेजारच्या टोळीतले नर एकेक करून संपवले. हिंसा आहेच. पण ती अटळ आहे का, याचं उत्तर केनियात मिळतं. रॉबर्ट सापोल्स्की तिथल्या बबूनांचा अभ्यास करत होते. १९८० च्या दशकात पर्यटकांच्या लॉजच्या कचऱ्यावर डल्ला मारायला कळपातले भांडखोर नर जात. तिथल्या दूषित मांसातून त्यांना क्षय झाला आणि ते मेले. कळपातले निम्म्याच्या आसपास नर गेले, मवाळ तेवढे उरले. कळप निवांत झाला. १९९३ पर्यंत ते जुने नरही राहिले नव्हते, सगळे बाहेरून आलेले होते. तरी रीत तीच राहिली: दुबळ्यांवर राग काढणं कमी, एकमेकांच्या अंगावरची कीड वेचत बसणं जास्त. २००४ मध्ये सापोल्स्की आणि लिसा शेअर यांनी हे प्रसिद्ध केलं. आल्या आल्या माद्यांनी नव्यांना जवळ केलं, आणि नवे त्या कळपाची रीत शिकले.

बबून शिकतो, आणि आमचा पोरगा शिकणार नाही?

एका खोलीत सत्तर पोरं कोंबायची, मैदान द्यायचं नाही, छडीशिवाय बोलायचं नाही आणि मारामारी झाली की म्हणायचं, "ही पोरं जातच अशी." शाळेच्या बाहेर हेच वाक्य अख्ख्या वस्तीबद्दल, अख्ख्या जमातीबद्दल ऐकू येतं. घरात मुलगा बहिणीवर हात उगारतो तेव्हा "मर्द आहे, चालायचंच" हेही त्याच सुरातलं. असं बोलणाऱ्याला सोडू नका. त्याला विचारा, खोली किती मोठी आहे, पोरं किती आहेत, आणि नवीन आलेल्या पोराला पहिल्या दिवशी तिथे काय बघायला मिळतं? याचं उत्तर आपल्याला, म्हणजे शिक्षकांना आणि आईबापांना द्यायचं आहे. त्यासाठी माकडांना साक्षीला बोलवायची गरज नाही.