राजाश्रय आणि भिक्षापात्र

बौद्ध धर्म आणि राजसत्ता यांच्या संबंधाविषयी लिहिताना सम्राट अशोकापासून प्रारंभ करण्याचा प्रघात आहे. आणि राजा धर्माला शरण गेला की प्रजेचे कल्याण होते, एवढे सांगून बहुतेक लेखक मोकळे होतात. सारनाथचा स्तंभलेख मात्र निराळी हकीकत सांगतो. भिक्षुसंघात फूट पाडणाऱ्यास श्वेत वस्त्रे नेसवून विहाराबाहेर घालवावे, अशी ती राजाज्ञा आहे. संघाची शिस्त बुद्धाने संघाच्याच हाती ठेवली होती. ती अशोकाच्या काळीच महामात्रांच्या कामकाजात जाऊन बसली. आशियातील पुढच्या राजांनी अशोकाची अहिंसा कितपत घेतली याविषयी शंका आहे. हा अधिकार मात्र त्यांनी आवर्जून उचलला.

ब्रह्मदेशाचे, म्हणजे आजच्या म्यानमारचे, उदाहरण पाहण्यासारखे आहे. तेथील मिंडॉन राजाने 1871 मध्ये मंडाले येथे धर्मसंगीती भरविली व सारे त्रिपिटक 729 शिलापटांवर कोरविले. त्याचा पुत्र थिबा आपल्या परिचयाचा आहे. 1885 मध्ये इंग्रजांनी त्याला पदच्युत केले आणि 1916 मध्ये तो रत्नागिरीस नजरकैदेतच वारला. त्याचा वाडा पाहावयास जाणाऱ्या फार थोड्यांच्या ध्यानात येत असेल की, या राजाबरोबर ब्रह्मी संघाचा रक्षणकर्ताही गेला होता. धर्मरक्षणाची ही जागा परक्या सरकारने भरून काढली नाही. तथापि, ऊ ओत्तमांसारखे निर्भय भिक्षू याच निराधार संघातून पुढे आले. आणि तुरुंगात चीवर परिधान करण्याच्या हक्कासाठी दीर्घ उपोषण करून ऊ विसारांनी 1929 मध्ये देह ठेवला.

स्वातंत्र्यानंतर पंतप्रधान ऊ नू यांनी जुना राजाश्रय पुन्हा उभा केला. ते श्रद्धाळू गृहस्थ होते, यात संशय नाही. 1954 ते 1956 या काळात रंगूनला सहावी संगीती झाली आणि 1961 मध्ये बौद्ध धर्म हा राज्यधर्म ठरला. काचिन टेकड्यांतील ख्रिस्ती प्रजा त्यामुळे अधिकच दुरावली. मार्च 1962 मध्ये सेनापती ने विन यांनी सत्ता बळकावली. त्यांना राज्यधर्माची गरज भासली नाही. 1980 मध्ये त्यांनी महास्थविरांची एक सरकारमान्य समिती नेमविली आणि नऊ पंथांना मान्यता देऊन नव्या पंथांची वाट बंद केली. ऊ नूंच्या भक्तीला जे साधले नाही ते सेनापतींच्या नोंदवहीने साधले!

तरीही भिक्षूपाशी एक अस्त्र उरले होते. संघाचे अहित करणाऱ्या गृहस्थापुढे भिक्षापात्र पालथे करावे, त्याचे दान घेऊ नये, अशी विनयाची तरतूद आहे. दान नाकारले गेले की दात्याचे पुण्य खुंटते, आणि ब्रह्मी सैनिकही ब्रह्मीच असल्यामुळे हा बहिष्कार त्याच्या घरातील आईपर्यंत पोहोचतो. 1990 मध्ये मंडालेच्या भिक्षूंनी लष्करी कुटुंबांपुढे पात्रे पालथी केली. सप्टेंबर 2007 मध्ये पकोक्कू येथे सैनिकांनी भिक्षूंना मारहाण केली, क्षमायाचना झाली नाही, आणि देशभर पुन्हा तेच घडले. दोन्ही वेळा विहारांवर छापे पडले. भिक्षूंनी ऐहिक व्यवहारात पडू नये, असा आदेश 2007 मध्ये काढला तो त्या सरकारमान्य समितीनेच.

याच संघाची दुसरी बाजू झाकून ठेवणे आम्हांस प्रामाणिकपणाचे वाटत नाही. 2015 मध्ये वंश व धर्म यांच्या रक्षणाचे चार कायदे झाले, ते भिक्षूंच्या आग्रहामुळे. 2017 मध्ये सात लाखांहून अधिक रोहिंग्या मुसलमान बांगलादेशात पळून गेले, आणि त्याच वर्षी सितागू सयाडो या विख्यात महास्थविरांनी लष्करी अधिकाऱ्यांपुढे सिंहलद्वीपाच्या महावंशातील दुट्ठगामणी राजाची कथा सांगितली. युद्धात असंख्यांना मारून व्यथित झालेल्या त्या राजाला अर्हंत समजावतात की, मेलेल्यांपैकी माणसे म्हणावीत अशी अवघी दीडच होती. ही कथा शस्त्रधाऱ्यांपुढे कशासाठी सांगितली जाते, हे काय निराळे सांगावयास हवे?

फेब्रुवारी 2021 मध्ये सेनापती मिन आंग लाइंग यांनी निवडून आलेले सरकार उलथविले. ऑगस्ट 2023 मध्ये त्यांनी नेपिडो येथे प्रचंड संगमरवरी बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. मूर्तीचे नाव मारविजय. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये त्यांच्या विमानांनी सागाइंग प्रांतातील पाझिजी गावावर बॉम्ब टाकले होते आणि शंभराहून अधिक माणसे मारली गेली होती.