थट्टेची मुभा कोणाकडे?

महाशिवरात्रीला सातपुड्यातल्या तोरणमाळला गोरक्षनाथाची यात्रा भरते. सात पायरीचा घाट चढून माणसं येतात, यशवंत तलावाभोवती गर्दी होते, आणि ती पांगते न पांगते तोच पंधरवड्यात होळी येते. होळीआधीच्या आठवडे बाजारांना, धडगावच्या बाजारालाही, भोंगऱ्याचा रंग चढतो. मग भिल्ल आणि पावरा पाड्यांवरून बावा-बुध्या निघतात. डोक्यावर मोरपिसं खोवलेली बांबूची टोपी, उघड्या अंगावर ठिपके, कमरेला घुंगरू नाहीतर वाळलेले भोपळे. बरोबर सोंगं असतात. कुणी म्हातारा झालेला, कुणी लुगडं नेसलेला पुरुष. त्यांनी नाचावं, फाग मागावा, येणाऱ्याजाणाऱ्याची चेष्टा करावी आणि ज्याची केली त्याने ती सोसावी, असा रिवाज आहे.

बुध्याला संस्कृत नाटकातल्या विदूषकाचा डोंगरातला भाऊ ठरवण्याची घाई अभ्यासकांनी करू नये. बुध्याचा नवस असतो. होळीचे दिवस तो अनवाणी राहतो, खाटेला पाठ लावत नाही, ब्रह्मचर्य पाळतो. विदूषक असलं काही करत नाही, त्याला तर मोदक लागतात. पण एका बाबतीत दोघांचं जुळतं. दोघांच्याही चेष्टेला कुणीतरी वरून राखण दिलेली आहे. भरताच्या नाट्यशास्त्राच्या पहिल्याच अध्यायात नायकाचा रक्षक इंद्र आहे, नायिकेची सरस्वती, आणि विदूषकाचा खुद्द ओंकार. बुटका, कुबडा, दात पुढे आलेला, टकल्या आणि ब्राह्मण असून प्राकृत बोलणारा हा माणूस ओंकाराच्या पदरात का घातला असेल? भरताला थट्टेतला धोका ठाऊक होता. त्याच ग्रंथाच्या अखेरीस भरतपुत्र प्रहसनातून ऋषींची टवाळी करतात आणि ऋषी त्यांना शाप देतात. ग्रंथाची सुरुवात संरक्षणाने आणि शेवट शापाने!

विदूषकाचं तोंड बंद करायचं म्हणजे बंदी घालायची, एवढंच आपण धरून चालतो. कालिदासाने त्याहून गुळगुळीत रीत दाखवली आहे. शाकुंतलाच्या दुसऱ्या अंकात दुष्यंत आपला विदूषक माढव्य याच्याजवळ शकुंतलेविषयी मन मोकळं करतो. मग राजमातेचा निरोप येतो, आणि राजा स्वतः आश्रमात थांबून माढव्याला राजधानीकडे धाडतो. धाडताना त्याला धास्ती वाटते, की हा बडबड्या अंतःपुरात सगळं सांगून बसेल. म्हणून सांगतो, अरे, शकुंतलेचं ते सगळं मी गमतीत बोललो, खरं धरू नकोस. पाचव्या अंकात शकुंतला दरबारात उभी राहते तेव्हा माढव्य तिथे नसतो. त्याला राजानेच हंसपदिकेची समजूत काढायला पाठवलेलं असतं. सहाव्या अंकात पश्चात्तापाने पोळलेला राजा त्याला विचारतो, तू तरी आठवण का दिली नाहीस? माढव्याचं उत्तर सरळ आहे. तुम्हीच थट्टा म्हणालात, मी मठ्ठ, मला ते खरं वाटलं.

राजाला शकुंतला विसरायला लावणाऱ्या दुर्वासाच्या शापावर पानंच्या पानं लिहिली गेली आहेत. मला हा दुसरा शाप जास्त भयंकर वाटतो, कारण तो माणसाने घातला आहे आणि अजून चालतो. इथे राजाने विदूषकाला हाकललं नाही, फटकावलं नाही. त्याचं हत्यारच आपल्या हातात घेतलं. थट्टा राजाची झाली आणि त्याच्या बाजूचा साक्षीदार निकामी झाला.

इंग्लंडच्या पहिल्या चार्ल्सला हे कसब नव्हतं. त्याचा विदूषक आर्ची आर्मस्ट्राँग याने, आर्चबिशप लॉडच्या चर्चविषयक धोरणावरून स्कॉटलंडात १६३७ मध्ये दंगल झाल्यावर, लॉडची खिल्ली उडवली. मूर्ख आता कोण, असा त्याचा सवाल होता. राजाच्या सल्लागार मंडळाने हुकूम काढला, त्याचा अंगरखा डोक्यावरून ओढून काढला आणि त्याला दरबाराबाहेर घातलं. लॉडचं धोरण अंगाशी आलं, युद्ध पेटलं. १६४९ मध्ये राजाचं डोकं उडालं. विदूषक असता तर ते वाचलं असतं, असं कोणी म्हणू नये. पण धोरण फसतंय हे तोंडावर सांगणारा एक माणूस तरी कमी झाला होता.

आपल्याकडे १९४८ मध्ये मुंबई सरकारने तमाशावर बंदी आणली, मग ती उठवून संहिता तपासण्याची सोय केली. सोंगाड्याचा जीव ऐनवेळी सुचलेल्या बोलण्यात असतो. त्याने ते आधी लिहून मंजूर करून घ्यायचं? तरी निळू फुले आणि दादू इंदुरीकरांनी त्या चौकटीतूनही वाट काढली. आज चौकटीची गरजच उरलेली नाही. मार्च २०२५ मध्ये विनोदकार कुणाल कामराच्या गाण्यावरून मुंबईत खारच्या स्टुडिओची मोडतोड झाली, तेव्हा कुणी आधी संहिता मागितली नव्हती. उलट सभेत वाटेल ते बोलून दुसऱ्या दिवशी ‘गमतीत म्हणालो, विपर्यास झाला’ म्हणणारा नेता कुठल्याही पक्षात सापडतो. दुष्यंताची युक्ती हीच. चेष्टेची मुभा वर सरकली आणि चेष्टेची जबाबदारी तेवढी खाली राहिली. बुध्याला मुभेसाठी व्रत करावं लागतं. वरच्यांना ते कोण सांगणार?

सातपुड्यावर धोका आणखी वेगळ्या वाटेने येतो, कौतुकाच्या. अक्कलकुवा तालुक्यातल्या काठीच्या राजवाडी होळीला आता कॅमेऱ्यांची रांग लागते. त्यात वाईट काही नाही. आपला सण जगाने पाहावा असं कुणालाही वाटेल. ९ ऑगस्टच्या, जागतिक आदिवासी दिनाच्या मिरवणुकीत लोक स्वतःच्या हौसेने बुध्याची टोपी चढवतात, तोही त्यांचा हक्क. पण तोच बुध्या फाल्गुन नसताना, नवस नसताना पाहुण्यांच्या स्वागताला फाटकापाशी उभा केला जातो, तेव्हा हिशेब उलटतो. तिथे पाहुण्याची चेष्टा करण्याची त्याला परवानगी नाही. त्याने नाचायचं, फोटोला उभं राहायचं आणि पाहुण्यांचं भाषण सुरू झालं की बाजूला व्हायचं.

असा बोथट केलेला विदूषक रंगभूमीनेही पाहिला आहे. नेहम टेटने १६८१ मध्ये शेक्सपिअरचं ‘किंग लिअर’ नव्याने लिहिलं तेव्हा शेवट गोड केला आणि विदूषक उडवला. दीडशेहून अधिक वर्षं लंडनच्या रंगभूमीवर लिअर विदूषकाविना फिरला. १८३८ मध्ये नट मॅक्रेडीने विदूषकाला परत आणलं, पण भूमिका प्रिसिला हॉर्टन या तरुण नटीला दिली, एक नाजूक, देखणा पोर म्हणून. विदूषक परतला तो असा, की पाहून कळवळा यावा, बोचू मात्र नये.

तोरणमाळला पर्यटनाचे बेत आखणाऱ्यांनी एवढंच ठरवावं: बुध्याला बोलावताना त्याच्या चेष्टेलाही बोलावणं आहे का? असेल तर पहिला फाग व्यासपीठावरच्या खुर्च्यांकडून मागू द्यावा, आणि मागताना तो काय बोलेल ते आधी विचारू नये.