विहिरीच्या तोंडाशी

मेक्सिको देशाच्या पूर्वेकडील युकातान द्वीपकल्पात एक दिवसाची एक सहल फार लोकप्रिय आहे. कांकून किंवा मेरिदा शहरातून सकाळी बस निघते. चिचेन इत्झा या माया लोकांच्या प्राचीन नगरापाशी ती थांबते, आणि गाईड तास-दीड तास अवशेष दाखवतो. मग जेवण आणि हस्तकलेच्या वस्तूंचे दुकान. शेवटी इक किल नावाच्या खोल नैसर्गिक विहिरीत पोहणे, आणि अंधार पडता पडता परत. अमेरिकेत राहणारी मराठी कुटुंबे सुटीत कांकूनला गेली म्हणजे हीच सहल करून येतात. तेथल्या पिरॅमिडची छायाचित्रे तुमच्यापैकीही अनेकांनी पाहिली असतील.

माझे म्हणणे असे, की या सहलीत जे दाखवतात ते उत्तम आहे, पण दाखवण्याची रीत चुकीची आहे. अवशेष म्हणजे इतिहास, दुकान म्हणजे खरेदी आणि विहीर म्हणजे मौज, अशी तीन खात्यांत ती वाटून टाकलेली असते. वास्तविक ही तिन्ही एकाच दगडाची करामत आहे. तो दगड म्हणजे चुनखडी.

युकातानच्या उत्तर भागाचा नकाशा पाहा. त्यावर एकही नदी दिसणार नाही. तेथे पाऊस पडत नाही असे मात्र नव्हे. उन्हाळ्याच्या अखेरीपासून ऑक्टोबरपर्यंत तो चांगला पडतो. मग ते पाणी जाते कोठे? आपल्या सह्याद्रीचा काळा पाषाण, म्हणजे बसाल्ट, पाण्याला सहजी दाद देत नाही. पाणी त्यावरून वाहत सुटते आणि त्याच्या नद्या होतात. चुनखडीची गोष्ट निराळी. पावसाचे पाणी हवेतला, आणि त्याहूनही अधिक मातीतला, कार्बन डायऑक्साइड विरघळवून घेते व किंचित आम्लधर्मी होते. हे सौम्य कार्बॉनिक आम्ल पाण्यात न विरघळणाऱ्या कॅल्शियम कार्बोनेटपासून विरघळणारे कॅल्शियम बायकार्बोनेट तयार करते. चुन्याच्या निवळीत नळीने फुंकले की ती दुधी होते आणि फुंकतच राहिले की पुन्हा स्वच्छ होते, हा प्रयोग तुम्ही शाळेत केला असेल. त्यातला दुसरा टप्पा, पुन्हा स्वच्छ होण्याचा, युकातानच्या पोटात लक्षावधी वर्षे चालू आहे. त्यातून जमिनीखाली गुहा आणि भुयारे कोरली गेली. पाणी वरून न वाहता त्यांतून वाहते. एखाद्या गुहेचे छत कोसळले, की आत पाण्याने भरलेली गोल विहीर उघडी पडते. तिला माया भाषेत ‘त्सोनोत’ म्हणतात. स्पॅनिश लोकांनी त्याचे ‘सेनोटे’ केले.

अशा पुष्कळ गुहांत आज पाण्याखाली बुडालेले लवणस्तंभ आहेत. लवणस्तंभ थेंब थेंब पाणी ठिबकून हवेत तयार होतात, पाण्याखाली नव्हे. म्हणजे एके काळी तेथे पाणी नव्हते. हिमयुगात समुद्राची पातळी आजच्यापेक्षा शंभर मीटरहून अधिक खाली होती, त्या काळातले हे स्तंभ होत. पोहायला उतरणाऱ्याला हे कोणी सांगत नाही.

आता नगराचे नाव घ्या. माया भाषेत ‘चि’ म्हणजे तोंड, ‘चेन’ म्हणजे विहीर, आणि इत्झा हे लोकांचे नाव. इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी वसलेले गाव ते चिचेन इत्झा. नगराने आपल्या नावातच सांगितले आहे, की आम्ही येथे का आहोत. जेथे नदी नाही तेथे नगर विहिरीपाशीच वसणार. अवशेषांच्या आवारातच अशा दोन विहिरी आहेत. इश्तोलोक नावाची विहीर रोजच्या पाण्याची. दुसरी पवित्र मानलेली. तिचा व्यास सुमारे ६० मीटर असून चाक या पर्जन्यदेवतेसाठी तिच्यात मौल्यवान वस्तू आणि माणसेही अर्पण केली जात. तिच्याकडे मोठ्या पिरॅमिडपासून एक पांढरा रस्ता जातो. त्याचे नाव ‘साकबे’, अर्थ अगदी तोच, पांढरा रस्ता. तो चुनखडीच्या दगडांनी बांधलेला. पिरॅमिडही त्याच दगडाचा. त्यावरचा गिलावा चुन्याचा. आणि चुना करायचा तर तीच चुनखडी लाकडांच्या ढिगावर भाजून तिची चुनकळी करायची. म्हणजे जेथून पाणी मिळाले तेथूनच घरही मिळाले.

म्हणून माझ्या मते सहल या विहिरींच्या काठावरून सुरू व्हावी. प्रत्यक्षात गाईड प्रथम पिरॅमिडपुढे उभा करतो आणि पवित्र विहीर ‘वेळ उरला तर’ पाहण्याची असते.

पिरॅमिडपुढे दोन गोष्टी हमखास होतात. एक, सापाची कथा. २१ मार्च आणि २२ सप्टेंबरच्या सुमारास दुपार कलताना उत्तरेकडील जिन्याच्या कठड्यावर उजेडाचे त्रिकोण पडतात आणि कुकुल्कान हा पिसांचा सर्पदेव खाली उतरतो आहे असे वाटते. दृश्य सुंदर आहे यात वाद नाही. परंतु तो बरोबर विषुवदिनीच दिसतो, एरवी नाही, हे सांगणे खरे नव्हे. विषुवदिनाच्या आसपास सूर्य रोज सुमारे ०.४ अंशाने उत्तरेला किंवा दक्षिणेला सरकतो. सूर्याचे बिंबच अर्ध्या अंशाचे! तेव्हा आज आणि उद्याच्या सावलीत डोळ्यांना कळेल असा फरक पडणार कसा? साप त्याच्या आगेमागे कित्येक दिवस दिसतो. त्या एका दिवशी हजारो माणसे गर्दी करतात ती गाईडच्या शब्दाखातर.

माया ज्योतिर्विदांचे खरे कौतुक करायचे तर ते दुसरीकडे आहे. शुक्राचे चक्र त्यांनी ५८४ दिवसांचे धरले होते. अशी ५ चक्रे म्हणजे २९२० दिवस, आणि ३६५ दिवसांची ८ वर्षे म्हणजेही २९२० दिवस. आज ड्रेस्डेन येथे जपून ठेवलेल्या त्यांच्या हस्तलिखितात या हिशेबाची कोष्टके आहेत. संख्यालेखनात ते शून्यासाठी शिंपल्यासारखे चिन्ह वापरीत, आणि ही कल्पना त्यांनी भारताशी काहीही संबंध नसताना स्वतः शोधली. पिरॅमिडच्या चार बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि वरचा चौथरा मिळून ३६५ होतात, एवढे गाईड सांगतो. ते सांगून शुक्राकडे वळायला काय हरकत आहे?

आणखी एक गंमत. चिचेन इत्झाचे अक्षांश सुमारे २०.७ अंश उत्तर. आपल्या अकोल्याचेही तेच. म्हणून २४ मेच्या सुमारास आणि पुन्हा १९-२० जुलैच्या सुमारास दोन्ही ठिकाणी मध्यान्ही सूर्य डोक्यावर येऊन उभ्या काठीची सावली नाहीशी होते. अकोल्याच्या विद्यार्थ्याने शाळेच्या पटांगणात शून्य सावली पाहिली, की सुमारे अकरा तासांनी तीच स्थिती त्या पिरॅमिडपाशी येते.

दुसरी गोष्ट टाळीची. गाईड जिन्यापुढे टाळी वाजवतो आणि चिमणीच्या चिवचिवाटासारखा, उतरत जाणारा प्रतिध्वनी येतो. हा क्वेत्साल पक्ष्याचा आवाज, असे तो सांगतो, आणि पुढे चालू लागतो. येथेच थांबायला हवे! प्रत्येक पायरी टाळीचा आपापला प्रतिध्वनी पाठवते. पायरी सुमारे पाव मीटर रुंद धरा. खालच्या पायऱ्यांपैकी प्रत्येक पुढची पायरी पाव मीटरच दूर असते. जाऊन-येऊन अर्धा मीटर. ध्वनीचा वेग सेकंदाला ३४० मीटर धरला, तर हे प्रतिध्वनी सेकंदाला ६८० या गतीने कानावर येतात. इतक्या जलद आलेले ठोके वेगवेगळे ऐकू येत नाहीत. त्यांचा एक स्वर होतो. वरच्या पायऱ्यांना मात्र उंचीही मोजावी लागते. तेथे एका पायरीपासून दुसरीचे अंतर तिरकस असल्याने दर पायरीला जास्त पडते, ठोके सावकाश येतात आणि स्वर ४९०च्या आसपास उतरतो. पायथागोरसचे प्रमेय वापरून तुम्ही हे स्वतः काढू शकता. मी श्रोता पायथ्यापासून १० मीटरवर उभा धरला आहे. बांधणाऱ्यांनी हे मुद्दाम केले काय, याला पुरावा नाही. मोकळ्या जागेतल्या कोणत्याही लांब, सारख्या पायऱ्यांच्या दगडी जिन्यापुढे थोडेफार असेच घडेल. नदीच्या घाटावर टाळी वाजवून पाहा.

मला राग येतो तो वेगळ्याच एका वाक्याचा. ‘माया लोक गूढरीत्या नाहीसे झाले.’ चित्रपटांनी आणि सवंग पुस्तकांनी त्यात परग्रहवासीयांचीही भर घातली आहे. नगरे ओस पडली हे खरे. त्यात दीर्घ अवर्षणांचा वाटा होता असे तेथील सरोवरांच्या तळाचा गाळ सांगतो. पण माणसे नाहीशी झाली नाहीत. २०२० सालच्या जनगणनेत मेक्सिकोत युकातानची माया भाषा बोलणारे साडेसात लाखांहून अधिक लोक नोंदले गेले. ‘नाहीसे झाले’ हे वाक्य गाईड म्हणतो तेव्हा शेजारीच एक माया बाई रुमाल विकत उभी असते. एखाद्या समाजाच्या आजोबांनी केलेले काम परग्रहवासीयांच्या नावे जमा करायचे आणि नातवंडांना फक्त विक्रेते म्हणून पाहायचे, याला मी विज्ञानही म्हणणार नाही आणि सभ्यपणाही.

दुकानाचेही तसेच. ‘निळा माया रंग’ हा रसायनशास्त्रातला एक चमत्कारच आहे. नीळ हा वनस्पतिज रंग, उन्हाने विटणारा. तीव्र नायट्रिक आम्लात तर तो टिकतच नाही. माया लोकांनी नीळ आणि पॅलिगॉर्स्काइट नावाची पांढरी माती एकत्र तापवली. त्या मातीच्या स्फटिकांत अतिसूक्ष्म पन्हळी असतात. उष्णतेने त्यांतले पाणी निघून जाते आणि निळीचे रेणू त्यांत घट्ट बसतात. मग तो रंग आम्लालाही जुमानत नाही. त्यांची नीळ आपल्या निळीच्या झुडपाच्याच कुळातल्या अमेरिकन झुडपाची; रेणू तर तोच. माती मिळे साकालुम या गावी, ज्याच्या नावाचाच अर्थ पांढरी माती. १९०४ पासून पवित्र विहिरीतला गाळ उपसला गेला तेव्हा तळाशी सुमारे चार मीटर जाडीचा निळा थर लागला. शिकागोच्या फील्ड म्युझियममधील, त्याच विहिरीतून निघालेल्या एका वाडग्याचा अभ्यास करून संशोधकांनी २००८ साली निष्कर्ष मांडला, की धूप जाळून त्याच्या उष्णतेवर विहिरीच्या काठीच हा रंग केला जाई, आणि अर्पण केलेल्या वस्तूंवरून धुऊन गेलेला रंग तळाशी साचला. पाहा, अवशेष, कला आणि विहीर एकाच वाडग्यात आली!

दुकानात झुले टांगलेले असतात. पूर्वी ते घायपाताच्या जातीच्या हेनेकेन नावाच्या वनस्पतीच्या धाग्यांचे करीत. आपल्याकडे बांधावर लावतात त्या घायपाताचे ‘सिसल’ हे व्यापारी नाव युकातानच्याच एका बंदरावरून पडले आहे. आता बहुतेक झुले सुती किंवा नायलॉनचे असतात. दोन उभ्या खांबांवर ते विणतात आणि जाळ्यात गाठ कोठेही नसते, म्हणून पाठीला टोचत नाही. शिक्षकांनी येथे एक गणित घालावे. दोर क्षितिजाशी ३० अंशांचा कोन करीत असेल तर त्यातला ताण झोपणाऱ्याच्या वजनाएवढा असतो. झुला ताणून बांधून कोन १० अंश केला तर ताण वजनाच्या जवळजवळ तिप्पट होतो. विणणाऱ्या बाईला त्रिकोणमिती येत नसेल, पण झुला सैल बांधावा हे ती सांगतेच. अशा झुल्याला कित्येक दिवस लागतात. त्यावर पाच मिनिटे घासाघीस करण्याऐवजी विणताना पाहावे.

जेवणात मक्याच्या भाकऱ्या येतात. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून मग वाटलेला असतो. त्याने साल सुटते, आणि दाण्यात अडकून राहिलेले नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळू लागते. युरोपने मका नेला, चुना नेला नाही; परिणामी मक्यावर जगणाऱ्या गरिबांत पेलाग्रा रोग पसरला. पुन्हा चुनाच.

सहल चालवणारे म्हणतील, लोक सुटी घालवायला येतात, परीक्षा द्यायला नव्हे. आणि दुपारच्या उन्हानंतर पोहणे हवेच. कबूल आहे. पोहणे शेवटीच असू द्या. विहिरीचा विषय तेवढा आधी काढा. आणि तो काढताना खरे सांगा. ‘सेनोटे उल्कापाताने झाले’ असे हल्ली सरसकट सांगतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी चिक्शुलूब येथे अशनी आदळला हे खरे. आपल्या दख्खनच्या लाव्हारसाचे थरही त्याच सुमारास साचत होते. त्या पुरलेल्या विवराच्या कडेने सेनोटेंचे एक कडे आहे, हेही खरे. पण इक किल त्या कड्याच्या बरीच पूर्वेला आहे. ती विहीर पाण्याने, सावकाश, खणली आहे.

इक किलला पाण्यात उतरण्यापूर्वी अंगाला लावलेली मलमे व तेले धुऊन स्नान करावे लागते. पर्यटक कुरकुरतात, कारण नियम सांगतात पण कारण सांगत नाहीत. पाण्याची पातळी जमिनीपासून सुमारे २६ मीटर खाली आहे, म्हणजे समुद्रसपाटीच्या जेमतेम एखाद-दोन मीटर वर. खालच्या थरात समुद्राचे खारे पाणी शिरलेले असून गोडे पाणी हलके म्हणून त्यावर तरंगते. घनता १.००० आणि १.०२५ धरून पाहा: समुद्रपातळीच्या वर १ मीटर गोडे पाणी असेल तर त्याखाली सुमारे ४० मीटर असते. उपसा करून वरचे १ मीटर घालवले, की खालून खारे पाणी ४० मीटर वर येते. शिवाय भुयारांतून वाहणारे पाणी वाळूतून गाळून निघत नाही. गावाचे सांडपाणी, शेतातली खते, पोहणाऱ्याच्या अंगावरचे तेल, जे पडेल ते तसेच पुढे जाते. नद्या नसलेल्या त्या मुलखात पुढच्या गावाच्या नळाला येते ते हेच पाणी.