सीमेपलीकडे आपलं कोण?

बळी तो कान पिळी. कुठेही युद्ध पेटलं की कट्ट्यावरची चर्चा चहाच्या दुसऱ्या कपापर्यंत याच म्हणीवर येऊन थांबते. ‘युनो काय करते? हेगच्या कोर्टाचं ऐकतंय कोण? पोलीस नाहीत, तुरुंग नाही, मग कायदा कसला?’ प्रश्न रास्त आहे. पण उत्तरासाठी गाझा किंवा युक्रेनपर्यंत जायला नको. आपल्याच दोन मराठी माणसांच्या केसेस हेगमध्ये चालल्या आहेत. दोन्हींमध्ये शंभराहून जास्त वर्षांचं अंतर आहे. त्या शेजारी-शेजारी ठेवून बघा, राष्ट्राच्या सीमेबाहेर कायदा काय करू शकतो आणि कुठे हात टेकतो, दोन्ही दिसेल.

पहिली केस फर्ग्युसनच्या एका माजी विद्यार्थ्याची, विनायक दामोदर सावरकरांची. त्यांच्या विचारांबद्दल तुमचं मत काहीही असो, इथे मुद्दा कायद्याचा आहे. मार्च १९१० मध्ये त्यांना लंडनमध्ये अटक झाली आणि खटल्यासाठी ‘मोरिया’ बोटीने हिंदुस्थानात पाठवण्यात आलं. ८ जुलैला बोट मार्सेलिस बंदरात असताना त्यांनी पोर्टहोलमधून समुद्रात उडी घेतली आणि फ्रान्सचा किनारा गाठला. ती उडी आपण शाळेत असल्यापासून ऐकतो. तिच्यानंतर काय झालं, ते फारसं कुणी सांगत नाही.

किनाऱ्यावर एका फ्रेंच शिपायाने त्यांना पकडलं आणि ते पुन्हा ब्रिटिशांच्या ताब्यात गेले. पण पाय फ्रान्सच्या जमिनीला लागले होते. तिथून माणूस न्यायचा तर प्रत्यर्पणाची रीतसर प्रक्रिया हवी, असं म्हणत पॅरिसमध्ये मादाम कामा आणि फ्रेंच समाजवाद्यांनी आवाज उठवला. फ्रान्स सरकारने सावरकरांना परत मागितलं, ब्रिटनने नकार दिला आणि वाद हेगच्या लवादापुढे गेला. पाच जणांच्या त्या लवादात एक ब्रिटिश होता, एक फ्रेंच. २४ फेब्रुवारी १९११ ला निकाल लागला. त्याचं सार असं : अटकेत अनियमितता झाली हे खरं, पण त्यामुळे कैदी परत करायला ब्रिटनला भाग पाडणारा कुठलाही नियम नाही.

यात दोन गोष्टी टोचतात. एक, सावरकर या केसमध्ये पक्षकारच नव्हते. पक्षकार दोनच, फ्रान्स आणि ब्रिटन. ज्याचं आयुष्य पणाला लागलं होतं तो वादाचा फक्त विषय होता, हरवलेल्या पार्सलसारखा. दुसरी, हेगचा निकाल यायच्या आतच मुंबईत खटला उरकलासुद्धा. डिसेंबर १९१० मध्ये पहिली जन्मठेप आणि जानेवारी १९११ मध्ये दुसरी. ‘थांबा, आधी इथला निकाल लागू द्या’ असं म्हणणारं कुणी नव्हतं.

आता दुसरी केस. कुलभूषण जाधव, जन्म सांगलीचा, भारतीय नौदलातले अधिकारी. मार्च २०१६ मध्ये पाकिस्तानने त्यांना हेर म्हणून अटक केल्याचं जाहीर केलं. ते निवृत्त होते आणि त्यांना इराणमधून पळवून नेलं, असं भारताचं म्हणणं. भारताने वारंवार मागणी करूनही भारतीय अधिकाऱ्यांना त्यांना भेटू दिलं नाही. एप्रिल २०१७ मध्ये लष्करी कोर्टाने फाशी सुनावली. ८ मे रोजी भारत आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला आणि १८ मे रोजी, म्हणजे फक्त दहा दिवसांत, कोर्टाने सांगितलं : अंतिम निकाल लागेपर्यंत फाशी द्यायची नाही. भारताची बाजू मांडत होते नागपूरचे हरीश साळवे, फी एक रुपया.

१९११ मध्ये जे मिळालं नाही, ते २०१७ मध्ये कशामुळे मिळालं? मधल्या काळात १९६३ चा व्हिएन्ना करार झाला होता. त्याचं कलम ३६ सोप्या भाषेत असं : परदेशात तुम्हाला अटक झाली, तर ‘तुमच्या दूतावासाला कळवायचं का?’ हे पोलिसांनी विनाविलंब विचारायचं. तुम्ही हो म्हणालात तर कळवायचं, आणि दूतावासाच्या लोकांना तुम्हाला भेटू द्यायचं, वकील लावून द्यायला आडकाठी करायची नाही. या करारावरून वाद झाला तर तो आंतरराष्ट्रीय न्यायालयात न्यायचा, असा एक जोड-करारही आहे. भारत आणि पाकिस्तान, दोघांच्या त्यावर सह्या आहेत. साळवेंनी हाच धागा पकडला. १७ जुलै २०१९ ला कोर्टाने १५ विरुद्ध १ मतांनी पाकिस्तानने कलम ३६ मोडल्याचं म्हटलं. हेरगिरीचा आरोप असला म्हणून हा हक्क जात नाही, हेही स्पष्ट केलं.

त्या दिवशी आपल्याकडे ‘जिंकलो’चे मेसेज फिरले. पाकिस्तानातही ‘आम्हीच जिंकलो’ म्हणत होते. दोघांना तसं म्हणता आलं, कारण निकाल पूर्ण वाचायची तसदी फार जणांनी घेतली नाही. शिक्षा रद्द करा आणि जाधवांना सोडा, ही भारताची मागणी कोर्टाने मान्य केली नव्हती. शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करा आणि तोवर फाशी थांबवा, इतकाच आदेश होता. पाकिस्तानने २०२१ मध्ये फेरविचारासाठी कायदा केला. जाधव मात्र तुरुंगातच राहिले.

मग मिळालं काय? माझं मत विचाराल तर वेळ मिळाला, आणि फाशीच्या बाबतीत वेळ म्हणजेच आयुष्य. २५ डिसेंबर २०१७ ला जाधवांची आई आणि पत्नी त्यांना इस्लामाबादमध्ये भेटल्या. मध्ये काच होती. आईला मराठीत बोलू दिलं नाही, असं आपल्या परराष्ट्र मंत्रालयाने दुसऱ्या दिवशी सांगितलं. पोराशी आईने कुठल्या भाषेत बोलायचं, हेही जिथे दुसरं कुणी ठरवतं, तिथे बाहेरच्या एखाद्या कोर्टाचं लक्ष असणं किती मोलाचं आहे, याचा विचार करा.

आता कट्ट्यावरच्या म्हणीचा अर्धा भाग मान्य करू. तुमच्यापैकी अनेक जण अमेरिकेच्या व्हिसाच्या रांगेत आहेत, म्हणून उदाहरण तिथलंच. १९७९ मध्ये तेहरानमध्ये अमेरिकी अधिकारी ओलीस धरले गेले, तेव्हा अमेरिका याच जोड-कराराचा आधार घेऊन हेगला गेली आणि केस जिंकली. पुढे पाळी तिच्यावर आली. १९९९ मध्ये एका जर्मन कैद्याची शिक्षा थांबवा, असं हेगच्या कोर्टाने ज्या दिवशी सांगितलं त्याच दिवशी अॅरिझोनाने ती अमलात आणली. २००४ मध्ये ५१ मेक्सिकन कैद्यांच्या बाबतीत निकाल विरोधात गेला आणि २००५ मध्ये अमेरिका त्या जोड-करारातूनच बाहेर पडली. २००८ मध्ये टेक्सासने त्या ५१ पैकी एकाला मृत्युदंड दिलाही. म्हणजे तुम्हाला तिथे अटक झाली तर कलम ३६ आहे, पण ते मोडलं म्हणून भारताला त्या जोड-कराराच्या जोरावर हेगला जाता येणार नाही. बळीने कान पिळला, तो असा.

पण त्याच ५१ मधल्या एकाची फाशी ओक्लाहोमाच्या गव्हर्नरने २००४ मध्येच जन्मठेपेत बदलली, आणि ती बदलताना हेगच्या निकालाचा विचार केला. कायदा तोच, देश तोच, राज्यं दोन. फरक पडला तो पाळायचं ठरवणाऱ्या माणसामुळे. मला वाटतं, सीमेपलीकडच्या कायद्याची खरी ताकद इथे आहे. त्याला पोलीस नाहीत, त्यामुळे प्रत्येक देशाच्या पोलिसांनी, न्यायाधीशांनी आणि मंत्र्यांनी तो पाळला तरच तो जिवंत राहतो. भारत-पाकिस्तानचंच बघा. २००८ च्या करारानुसार दोन्ही देश दरवर्षी १ जानेवारी आणि १ जुलैला एकमेकांच्या कैद्यांच्या याद्या देतात. त्यांत मच्छीमारांची यादी असते. आपल्या पालघरकडच्या खलाशांच्या घरच्यांसाठी ती यादी म्हणजे माणूस जिवंत असल्याचा सरकारी पुरावा असतो.

आणि आता हा मुद्दा पुण्यात आणतो. आपल्या शहरात आफ्रिकेतून, आखातातून, अफगाणिस्तानातून आलेले किती तरी विद्यार्थी शिकतात. काही तुमच्याच वर्गात असतील. उद्या त्यांच्यापैकी कुणाला पोलिसांनी उचललं, तर कलम ३६ इथल्या चौकीलाही तितकंच लागू आहे. जाधवांसाठी आपण जे मागितलं, तेच त्या मुलाला मिळतंय का, हे आपण विचारतो का? की ‘परदेशी आहे, काहीतरी केलंच असेल’ म्हणून बातमी पुढे सरकवतो? हा हक्क आरोप सिद्ध झाल्यावर मिळणारं बक्षीस नाही. आरोप कितीही गंभीर असला तरी तो आहे, असं भारतानेच हेगमध्ये ठासून मांडलं आणि जिंकलं. तो युक्तिवाद आपल्या गल्लीत विसरायचा आणि परदेशात आठवायचा, असं चालणार नाही.

तेव्हा परदेशी जाणार असाल तर ज्या शहरात जाताय तिथल्या भारतीय वकिलातीचा नंबर आत्ताच सेव्ह करा. अडचण आली तर ‘मला माझ्या वकिलातीशी बोलायचंय’ हे वाक्य तिथल्या भाषेत म्हणता आलं पाहिजे. परराष्ट्र मंत्रालयाचं तक्रारींसाठी ‘मदद’ नावाचं पोर्टल आहे, ते घरच्यांना दाखवून ठेवा. आणि पुण्यातच राहणार असाल, तर शेजारच्या बाकावरच्या त्या परदेशी मित्राला एकदा विचारा, त्याच्या वकिलातीचा नंबर त्याच्याकडे आहे का.